काय दिवे लावलेस?

शब्दांच्या अंगणात

परीक्षेचा निकाल घेऊन मुलगा घरी येतो. दोन विषयांत गाडी अडकलेली असते. वडील चष्मा वर करून विचारतात, ‘‘काय दिवे लावलेस?’’ त्याच घरात हाच मुलगा जन्मला, तेव्हा पेढे वाटताना हेच वडील म्हणाले होते, ‘‘वंशाला दिवा मिळाला!’’ आणि रात्री झोपताना आई म्हणते, ‘‘दिवा मालव रे आता.’’ शब्द एकच, पण एकदा तो टोमणा झाला, एकदा वंशाचा अभिमान झाला आणि एकदा भिंतीवरची साधी ट्यूबलाइट!

रोजच्या बोलण्यात आपण ‘दिवा’ हा शब्द इतक्या सहज वापरतो, की त्याच्या पोटात किती अर्थ दडले आहेत, याचा विचारच करीत नाही. तेल-वातीचा दिवा, घासलेटचा दिवा, विजेचा दिवा, मोटारीचा दिवा, मंत्र्यांचा लाल दिवा, आणि ज्याच्यासाठी कित्येक सुनांनी आयुष्यभर बोलणी खाल्ली तो वंशाचा दिवा. आज या शब्दाच्याच उजेडात थोडे फिरून येऊ.

दीप, दीव, दिवा

मूळ संस्कृत शब्द ‘दीप’. प्राकृतात त्याचा ‘दीव’ झाला आणि मराठीत ‘दिवा’. गुजराती घरात ‘दीवो’, हिंदी घरात ‘दीया’, कोंकणी घरात ‘दिवो’, अशी ही सगळी एका आईची लेकरे. दीपांची आवली, म्हणजे ओळ, ती दीपावली आणि तिची झाली दिवाळी. कन्नड आणि तेलुगू भाषांनीही ‘दीप’ आपलासा केला. तमिळ आणि मल्याळममध्ये मात्र त्यांचा स्वतःचा ‘विळक्कु’ आहे.

मराठीची एक गंमत लक्षात घेण्यासारखी आहे. हिंदीत ‘दीया’ म्हटले की डोळ्यांसमोर मातीची पणती येते. विजेच्या दिव्याला तिथे ‘बत्ती’ म्हणतात. रस्त्यावरच्या खांबाला ‘दीया’ लावला, असे हिंदी माणूस म्हणणार नाही. मराठीने मात्र जुना शब्दच नव्या वस्तूला दिला. देवघरातला तो दिवा, माडीवरचा बल्ब तो दिवा, रस्त्यावरच्या खांबावरचा तो दिवा आणि एस.टी.च्या तोंडावरचे तेही दिवेच! तेल गेले, वात गेली, घासलेट गेले, पण दिवा राहिला.

आणि ती ‘बत्ती’ तरी परकी कुठे आहे? संस्कृत ‘वर्ति’ म्हणजे वात. मराठीत तिची ‘वात’ झाली, हिंदीत ‘बत्ती’. पुढे ही बत्ती हिंदीतून आपल्याकडेही आली आणि मेणबत्ती, उदबत्ती, अगरबत्ती, गॅसबत्ती असा तिचा परिवार मराठी घरात सुखाने नांदू लागला. म्हणजे ‘बत्ती लाव’ म्हणणारा इंदूरचा मराठी माणूस आणि ‘वात लाव’ म्हणणारी कोकणातली आजी, दोघे एकच शब्द उच्चारतात. फक्त वाटा वेगळ्या.

दिसायला दिवा, पण...

काही शब्द दिव्यासारखे दिसतात, पण दिव्याशी त्यांचे काही नाते नसते. ‘दिवास्वप्न’ म्हणजे दिव्याच्या उजेडात पाहिलेले स्वप्न नव्हे. संस्कृतात ‘दिवा’ म्हणजे दिवसा. भरदिवसा, जागेपणी पाहिलेले स्वप्न ते दिवास्वप्न. दिवस घडवणारा तो दिवाकर. ‘दिवाभीत’ हा शब्द तर हमखास चकवतो. दिव्याला भिणारा तो दिवाभीत, असे अनेकांना वाटते. प्रत्यक्षात दिवसाला भिणारा, म्हणजे घुबड, तो दिवाभीत.

‘दिवाण’ आणि ‘दिवाणखाना’ हे शब्द फारसीतून आले. तेव्हा दिवाणखान्यात झुंबर असले, तरी त्या शब्दात दिवा नाही.

‘दिवाळे’ या शब्दाची गोष्ट मात्र वेगळी. व्यापारी कर्जात बुडाला, देणी भागवता येईनाशी झाली, की तो भरदिवसा दुकानात दिवा लावून बसे. येणाऱ्याने समजून घ्यावे, की इथले सारे संपले. या रिवाजावरून ‘दिवाळे’ शब्द आला, असे सांगतात. दिवाळी आणि दिवाळे शेजारी शेजारी आहेत, हे बोनस संपल्यावर खरेदी करणाऱ्यांना वेगळे सांगायला नको!

समईपासून ट्यूबपर्यंत

‘दिवा’ हे साऱ्या कुळाचे नाव. त्या कुळातल्या प्रत्येकाला पुन्हा स्वतःचे नाव आणि स्वतःची जागा आहे. मातीची ती पणती. तिची जागा उंबऱ्याशी, तुळशीपाशी. तुपात भिजलेली फुलवात मिरवणारे ते निरांजन; त्याची जागा औक्षणाच्या तबकात. पितळेची, उभी, अनेक वातींची ती समई. देवापुढे आणि आता समारंभाच्या व्यासपीठावरही. साखळीने टांगलेला तो लामणदिवा. देवापुढे अखंड तेवणारा तो नंदादीप. देवळाच्या अंगणात दगडी खांबावर शेकडो दिवे घेऊन उभी राहते ती दीपमाळ. जेजुरीला गेलेल्यांनी या दीपमाळा पाहिल्याच असतील. पहाटे देवाला जागवताना कापडाची पिळलेली वात पेटवतात तो काकडा, आणि त्याची ती काकडआरती.

मुसलमानी अमदानीत आणखी पाहुणे आले. अरबीतून मशाल आली. कंदील तर फारच लांबून आला. लॅटिनमध्ये मेणबत्तीला ‘कँडेला’ म्हणत. ग्रीकांच्या वाटेने तो शब्द अरबीत ‘किंदील’ झाला आणि आपल्याकडे कंदील. आज दिवाळीत बाल्कनीत झुलणाऱ्या आकाशकंदिलाचे आजोळ असे दूर रोमला आहे.

मग आले घासलेट. या शब्दातही दिवाच लपला आहे. इंग्रजी ‘गॅसलाइट’चा अपभ्रंश होऊन ‘घासलेट’ झाले, असे मानतात. त्या घासलेटवर जळणारी, धूर ओकणारी पत्र्याची चिमणी घरोघरी आली. मराठीत चिमणी म्हणजे अंगणातले पाखरू, चिमणी म्हणजे गिरणीचे धुराडे आणि चिमणी म्हणजे गरिबाचा दिवा. या तिसऱ्या चिमणीच्या उजेडात अभ्यास करून मोठी झालेली माणसे आपल्या ओळखीत अजून आहेत. काचेचा कंदील रोज संध्याकाळी राखेने पुसणे हे घरातल्या मुलींचे काम असे, कारण त्यांचे हात काचेत सहज जात.

मुंबईत १८६५ साली रस्त्यांवर गॅसचे दिवे लागले. विसाव्या शतकात वीज आली आणि दिव्याबरोबर नवा शब्दसंग्रह घेऊन आली. आज वायरमनला बोलावले, तर तो ‘दिवा’ म्हणत नाही. तो विचारतो, ‘‘किती पॉइंट काढायचे?’’ बल्ब अडकवायचा तो होल्डर, ट्यूब बसवायची ती पट्टी, आणि छताला, भिंतीला लावायच्या साऱ्या शोभिवंत प्रकाराला एकच शब्द, ‘फिटिंग’. रात्रभर मिणमिणणारा तो ‘झिरोचा बल्ब’. नावात शून्य असले, तरी तो सुमारे १५ वॅट वीज खाई, हे गृहिणींना बिल पाहून उशिरा कळले.

ट्यूबने तर मराठीला एक वाक्प्रचारच दिला. चोक आणि स्टार्टरवर चालणारी ट्यूब बटण दाबताच लागत नसे. दोन-तीनदा लुकलुके आणि मग पेटे. विनोद सांगितल्यावर पाच मिनिटांनी हसणाऱ्याला म्हणूनच ‘ट्यूबलाइट’ म्हणू लागले आणि उशिरा उमगले की ‘आत्ता ट्यूब पेटली’ असे म्हणू लागले. आताच्या एलईडी ट्यूबमध्ये स्टार्टर नाही. ती झटकन लागते. पण वाक्प्रचार काही बदलला नाही. आजच्या मुलांना ‘ट्यूबलाइट’ म्हणजे मंद का, हे समजावून सांगावे लागते आणि तेवढ्यात त्यांची ट्यूब पेटायला वेळ लागतो!

लावायचा आणि मालवायचा

दिव्याच्या बाबतीत मराठी माणूस शब्द जपून वापरतो. चूल पेटवायची, शेकोटी पेटवायची, पण दिवा ‘लावायचा’. जसे रोप लावतात, गंध लावतात, तसा दिवा लावतात. संध्याकाळच्या त्या वेळेलाच नाव पडले ‘दिवेलागण’. घड्याळ नसलेल्या काळात ही खूण पुरेशी होती. ‘दिवेलागणीला ये’ म्हटले, की पाहुणा वेळेवर येई. दिवेलागणीला झोपू नये, केर काढू नये, मुलांनी शुभंकरोति म्हणावे, हे सारे नियम त्या एका शब्दाभोवती गुंफलेले.

‘विझणे’ हा शब्द मात्र नकोसा. माणसाच्या आयुष्याची ज्योत विझते, म्हणून घरातला दिवा विझवायचा नाही. तो ‘मालवायचा’ किंवा ‘शांत’ करायचा. हिंदी भाषक याच भीतीपोटी दिवा ‘बढ़ाते’ हैं, म्हणजे वाढवतात. आपणही बांगडी फुटली, की ‘वाढवली’ म्हणतो, तशातलाच हा प्रकार. बटण दाबून दिवा घालवणाऱ्या पिढीला या शब्दांची गरज उरली नसेल. पण पुष्कळ घरांत आजही समईला फुंकर मारलेली चालत नाही. फुलाने किंवा दुधाच्या थेंबाने वात शांत करतात आणि शब्दही तसाच हळुवार वापरतात.

लाइट ‘गेली’ की ‘गेला’?

इंग्रजीत ‘लाइट’ म्हणजे उजेडही आणि दिवाही. मराठीत आल्यावर त्याने तिसरा अर्थ धरला, तो म्हणजे वीज. ‘आमच्याकडे लाइट नाही’ म्हणजे खोलीत उजेड नाही असे नव्हे, तर फ्रीज, पंखा, मिक्सर सारेच बंद आहे. विजेच्या बिलाला ‘लाइट बिल’ म्हणतात, मग त्यातले निम्मे पैसे गिझरचे का असेनात!

आणि ही लाइट ‘गेली’ का, ‘गेला’ का नाही? वीज स्त्रीलिंगी, म्हणून तिच्या जागी आलेली लाइटही स्त्रीलिंगी. दिवा मात्र पुल्लिंगी, म्हणून ‘बल्ब गेला’. तक्रार नोंदवताना हा फरक कामाला येतो. ‘लाइट गेली’ म्हटले, तर वीज कंपनीचा माणूस यायला हवा. ‘बल्ब गेला’ म्हटले, तर दुकानात जायला हवे. विदर्भात याच प्रसंगी ‘लाइन गेली’ असे म्हणतात. मुंबईच्या सुनेला नागपूरच्या सासरी पहिल्या उन्हाळ्यात हा शब्द शिकावा लागतो, आणि तोही अंधारात.

टोमण्यातले दिवे

दिवा इतका पवित्र, तर टोमण्यांत त्याला का ओढले? उत्तर सोपे आहे. जी वस्तू सर्वांत मानाची, तीच उलटी करून मारली की जास्त लागते. मोठे काम केले, की घराण्याचे नाव उजळते. म्हणून बिघडवून ठेवले की, ‘काय दिवे लावलेस?’ ओवाळणे हा मान. म्हणून मूर्खपणा केला की, ‘दिवे ओवाळा त्याच्यावरून!’ पाजळणे म्हणजे प्रज्वलित करणे. म्हणून नको तिथे शहाणपण सांगणाऱ्याला, ‘अक्कल पाजळू नकोस.’ टेंभा म्हणजे मोठी मशाल. ती हातात धरून चालणाऱ्याचा थाट पाहून ‘टेंभा मिरवणे’ आले. आणि दुसऱ्यांना उपदेश करणाऱ्याच्या स्वतःच्या घरी गोंधळ असला, की ‘दिव्याखाली अंधार’. हा शेवटचा प्रयोग विजेच्या दिव्याला लागू पडत नाही. तो छतावर असतो. समई आणि पणती पाहिलेल्यालाच तो नीट कळतो.

सरकारदरबारीही दिवे आहेतच. एखाद्या योजनेला मंत्रिमंडळाने मंजुरी दिली, की वर्तमानपत्रे लिहितात, ‘हिरवा कंदील दाखवला’. हा कंदील रेल्वेच्या गार्डाच्या हातातला. १८५३ साली बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी गेली आणि पुढे रेल्वेने आपल्याला हा वाक्प्रचार दिला. गार्डाच्या हातातला तेलाचा कंदील गेला, पण मथळ्यांतला गेला नाही. ‘लाल दिव्याची गाडी’ हे तर कित्येक आईबापांचे स्वप्न होते. मुलगा साहेब व्हावा, एवढे म्हणायला हे दोन शब्द पुरत. १ मे २०१७ पासून केंद्र सरकारने मंत्र्यांच्या आणि अधिकाऱ्यांच्या गाड्यांवरचे हे दिवे बंद केले. दिवा उतरला, पण ‘लाल दिवा मिळवीन’ असे म्हणत स्पर्धा परीक्षांना बसणारी मुले अजून भेटतात. शब्द वस्तूपेक्षा चिवट असतो, तो असा.

वंशाचा दिवा

आणि याच चिवटपणामुळे एका शब्दप्रयोगाकडे जरा थांबून पाहायला हवे.

‘कुलदीपक’ हा जुना संस्कृत शब्द. मराठीत तो ‘वंशाचा दिवा’ झाला. अर्थ मोठा छान. ज्याच्यामुळे कुळ उजळेल तो. पण वापर होतो तो गुणांसाठी नव्हे, तर जन्मासाठी. मुलगा झाला, एवढ्यावर तो दिवा ठरतो. पुढे त्याने घर उजळले की जाळले, हे कोणी पाहत नाही. गंमत म्हणजे मराठीने याच दिव्याच्या कुळातला दुसरा शब्द तयार ठेवला आहे. वाया गेलेल्या मुलाला ‘दिवटे चिरंजीव’ म्हणतात. दिवटी म्हणजे मशाल. खंडोबाच्या भक्ताच्या हातातली दिवटी आणि तिला तेल पाजणारी बुधली पूजनीय, पण घरातला ‘दिवटा’ मात्र बदनाम! म्हणजे भाषेला पूर्वीच ठाऊक होते, की प्रत्येक मुलगा दिवा निघत नाही.

मुलींच्या नावांत दिवा चालतो. दीपा, दीपाली, दीपिका, दीप्ती, ज्योती. एका गल्लीत हाक मारली, तर तीन-चार जणी ‘ओ’ देतील. नावात चालणारा दिवा वंशात मात्र चालत नाही. तिथे तो मुलगाच लागतो.

हा केवळ शब्दांचा खेळ असता, तर हसून सोडून देता आला असता. पण आकडे हसू देत नाहीत. महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे १९९१च्या जनगणनेत ९४६ मुली होत्या. २००१ साली त्या ९१३ झाल्या आणि २०११ साली ८९४. गर्भलिंगनिदानाला आळा घालणारा कायदा देशात सर्वप्रथम महाराष्ट्रानेच केला, तो १९८८ साली. पाठोपाठ १९९४ साली केंद्राचा कायदा आला. तरीही हे घडले. सोनोग्राफीच्या खोलीत अंधार करून जे शोधले जात होते, त्याचे घराघरांतले नाव ‘वंशाचा दिवा’ हेच होते.

नको असताना जन्मलेल्या मुलीलाही मराठीने एक नाव दिले होते, नकुशी. नको असलेली ती नकुशी. ऑक्टोबर २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींना समारंभाने नवी नावे देण्यात आली. ज्या हाकेने रोज ‘तू नको होतीस’ याची आठवण दिली, ती हाक त्यांनी मागे टाकली. शब्द बदलल्याने सारे बदलते असे नाही. पण शब्दाने रोज टोचत राहणे तरी थांबते.

मुलींची बाजू घेणाऱ्या भिंतींवरच्या घोषणांतही दिवाच आला. ‘मुलगा वंशाचा दिवा असेल, तर मुलगी वंशाची पणती आहे,’ असे त्या सांगत. ‘पणती’ या शब्दात श्लेष आहे. मातीचा दिवा ती पणती आणि नातवाची किंवा नातीची मुलगीही पणतीच. हेतू चांगला होता, यात शंका नाही. पण जरा विचार करा. मुलगा तो मोठा दिवा आणि मुलगी ती छोटी पणती, ही उतरंड घोषणेतही राहिलीच! मुलगीही दिवाच आहे, एवढे सरळ म्हणायला काय हरकत होती?

कायदा या बाबतीत शब्दाच्या पुढे गेला आहे. पूर्वी वंश चालवण्यासाठी मुलगाच दत्तक घेत. १९५६च्या कायद्याने हिंदू कुटुंबांना मुलगीही दत्तक घेण्याची मोकळीक दिली. वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतका जन्मजात हक्क महाराष्ट्राने १९९४ साली दिला आणि केंद्राने २००५ साली. कागदावर मुलगी वंशात आली. आता ती वाक्प्रचारात यायची आहे.

दिव्यांनी दिलेली साक्ष

वंशाचा दिवा मुलगा, पण खऱ्या दिव्याची देखभाल कोणी केली? वाती वळल्या बायकांनी. समया चिंचेने घासल्या बायकांनी. दिवेलागणीला तेल घातले, काजळी झाडली, तीही बायकांनीच. आषाढातल्या अमावास्येला, म्हणजे दिव्याच्या अवसेला, घरातले सारे दिवे घासून पाटावर मांडतात. कणकेचे गोड दिवे उकडून तुपाबरोबर खातात. या दिवशी जी कहाणी सांगतात, ती अवश्य आठवावी.

एका राजाची सून होती. तिने एकदा घरातला खाऊ स्वतः खाल्ला आणि आळ घातला उंदरांवर. उंदरांना राग आला. त्यांनी रात्री तिची चोळी नेऊन पाहुण्याच्या अंथरुणात टाकली. सकाळी बभ्रा झाला. सासू-दिरांनी सुनेला घराबाहेर काढले. तिची बाजू कोणी विचारलीच नाही. ही सून रोज घरातले दिवे घासून पुसून लावत असे. ती गेली आणि दिव्यांकडे पाहणारे कोणी उरले नाही. पुढे दिव्याच्या अवसेला राजा शिकारीहून परतताना एका झाडाखाली उतरला. पाहतो तो गावातले दिवे झाडावर जमलेले. कोणाला काय जेवण मिळाले, कशी पूजा झाली, हे एकमेकांना सांगताहेत. राजाच्या घरचा दिवा म्हणाला, यंदा माझ्यासारखा हतभागी नाही. माझी काळजी घेणारी सून निर्दोष असताना घराबाहेर काढली गेली. राजाने ते ऐकले, चौकशी केली, सुनेला सन्मानाने परत आणले आणि घराचा कारभार तिच्या हाती दिला.

आपल्या आज्या-पणज्यांनी ही कहाणी वर्षानुवर्षे सांगितली. तिच्यात दिवा वंशाचा नाही. तो घरात काय चालले आहे ते पाहणारा आणि वेळ येताच खरे बोलणारा आहे. सुनेच्या बाजूने माणसे उभी राहिली नाहीत, तेव्हा दिवा उभा राहिला. ‘वंशाला दिवा हवा’ म्हणून सुनेला टोचणाऱ्या घरांनी दिव्याच्या अवसेला ही कहाणी दोनदा वाचायला हवी.

ओवाळण्याचा हक्कही असाच. निरांजनाचे तबक सवाष्णीच्या हाती द्यायचे आणि नवरा गेला, की तीच बाई औक्षणाच्या वेळी आतल्या खोलीत जायची. जिने मुलाला वाढवले, तिने त्याच्या लग्नात त्याला ओवाळायचे नाही! मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावाने विधवांच्या वाट्याला येणाऱ्या अनिष्ट प्रथा बंद करण्याचा ठराव केला आणि राज्य शासनाने इतर गावांनाही तो कित्ता गिरवायला सांगितले. ठराव गावाने करायचा असतो, पण तबक हातात द्यायचे ते घरातल्यांनीच. पुढच्या भाऊबीजेला किंवा वाढदिवसाला ते करून पाहता येईल.

एक राजा, अनेक दिवे

पुण्यात राजा दिनकर केळकर संग्रहालय आहे. दिनकर गंगाधर केळकर आणि त्यांच्या पत्नी कमलाबाई यांनी गावोगाव हिंडून जुन्या रोजच्या वापरातल्या वस्तू जमवल्या. वीस हजारांवर वस्तूंच्या या संग्रहातले दिव्यांचे दालन पाहण्यासारखे आहे. पितळेचे, मातीचे, टांगायचे, हातात धरायचे, पक्ष्यांचे, हत्तींचे, कितीतरी दिवे. संग्रहालयाच्या नावातला ‘राजा’ हा कोणी संस्थानिक नव्हे. तो केळकरांचा लहानपणीच निवर्तलेला मुलगा. ज्या घरातला दिवा असा अवेळी मालवला, त्या आईबापांनी साऱ्या महाराष्ट्राचे आणि देशाचे दिवे गोळा करून त्या मुलाचे नाव लावले. कुळाचे नाव पुढे चालते ते असेही.

मराठीत आणखी एक म्हणणे आहे, दिव्याने दिवा लागतो. एका ज्योतीवरून दुसरी लावली, तर पहिलीचा उजेड कमी होत नाही. शिकलेल्या आईची मुलगी शिकते, वाचणाऱ्या मावशीची भाची वाचू लागते, हे त्याचेच दाखले. तिथे कोणी विचारत नाही, की लावणारा दिवा मुलगा होता की मुलगी.

तेव्हा पुढच्या वेळी शेजारी बारसे असेल आणि पाळण्यात मुलगी असेल, तर ‘पहिली बेटी, धनाची पेटी’ असली समजूत घालू नका. समजूत घालायला कोणाचे काही बिघडलेले नाही. तिच्या आईबाबांना सरळ म्हणा, ‘‘घराला दिवा आला, अभिनंदन!’’ आजीने चमकून पाहिले, तर पाहू द्या. शब्द तिच्याच ओळखीचा आहे. थोड्या वेळाने तिचीही ट्यूब पेटेल.